एका रात्रीपुरता संघ

१६ जुलै २०१३ची रात्र, न्यूयॉर्कचं सिटी फील्ड मैदान. आठव्या डावाचा उत्तरार्ध सुरू होणार, इतक्यात बुलपेनचं दार उघडलं. बुलपेन म्हणजे राखीव पिचर (चेंडू टाकणारे) हात मोकळा करत बसतात तो मैदानाकडेचा कोपरा. त्यातून त्रेचाळीस वर्षांचा मारियानो रिवेरा बाहेर आला आणि नेहमीच्या हलक्या पावलांनी धावत मधल्या मातीच्या उंचवट्यावर जाऊन उभा राहिला. मान वर करून पाहतो, तर मैदान रिकामं! त्याच्या पाठीशी एकही क्षेत्ररक्षक नव्हता.

सगळे गेले कुठे? डगआउटमध्ये होते, कठड्याला रेलून टाळ्या वाजवत. दोन्ही बाजूंचे! हा रिवेराचा शेवटचा हंगाम होता आणि ती टाळी त्याला एकट्याला मिळावी म्हणून बाकी कुणी मैदानात पाऊलच टाकलं नव्हतं. त्यानं टोपी काढली आणि सगळीकडे वळून हलवली.

आता टाळ्या वाजवणारे कोण होते ते पाहा. रिवेरा न्यूयॉर्क यँकीजचा. त्या रात्रीचे त्याचे ‘सहकारी’ बोस्टनचे, डेट्रॉइटचे, बाल्टिमोरचे. वर्षानुवर्षं याच संघांच्या तोंडचा घास त्यानं शेवटच्या डावात पळवला होता. त्याच आठवड्यात यँकीज पुन्हा बोस्टनशी भिडणार होते. मैदानही यँकीजचं नव्हतं, शहरातल्याच दुसऱ्या संघाचं, मेट्सचं होतं. तरी सगळं स्टेडियम उभं!

एक बारकावा आणखी सुंदर आहे. रिवेराचं काम नेहमी नववा, म्हणजे शेवटचा डाव राखण्याचं. मग त्याला आठव्यातच का आणलं? बेसबॉलमध्ये यजमान बाजू प्रत्येक डावात दुसऱ्यांदा बॅटिंग करते. नवव्याचा पूर्वार्ध संपताना तीच पुढे असेल, तर उत्तरार्ध खेळवतच नाहीत. रिवेराची बाजू पाहुणी होती. आठव्यात यजमानांनी आघाडी घेतली आणि ती टिकली, तर रिवेराच्या हातात चेंडूच येणार नाही, ही मॅनेजर जिम लेलंड यांना धास्ती. तीन धावांची आघाडी असूनही त्यांनी ती जोखीम घेतली नाही. एका प्रतिस्पर्ध्याचा निरोप चुकू नये म्हणून केवढा हिशेब!

ही मेजर लीग बेसबॉलची ऑल-स्टार गेम. वर्षातून एकदा, जुलैच्या मध्यावर येणाऱ्या मंगळवारी होते. तिच्या हार-जीतीची नोंद कुठल्याही संघाच्या खात्यावर चढत नाही. आणि तिच्यासाठी अख्खी लीग चार दिवस थांबते.

थांबते म्हणजे काय, याचा अंदाज घ्या. या लीगमध्ये ३० संघ आहेत, १५ अमेरिकन लीगमध्ये आणि १५ नॅशनल लीगमध्ये. मार्चअखेरीपासून सप्टेंबरअखेरीपर्यंत प्रत्येक संघ १६२ सामने खेळतो. जवळजवळ रोज एक! आज डेन्व्हर, उद्या सिअॅटल, परवा पुन्हा विमान. असं धडधडत चाललेलं यंत्र मधोमध बंद करायचं, आणि कशासाठी? तर प्रदर्शनी सामन्यासाठी. ही कल्पना सुचली तरी कुणाला?

एका वर्तमानपत्राच्या क्रीडा संपादकाला. आर्च वॉर्ड हे ‘शिकागो ट्रिब्यून’चे. वर्ष १९३३. अमेरिकेत महामंदी होती, लोकांच्या हाताला काम नव्हतं, बेसबॉलची मैदानं ओस पडत होती. त्याच वर्षी शिकागोत जागतिक मेळा भरला होता आणि त्याच्या जोडीला खेळाचा एखादा मोठा कार्यक्रम शहराला हवा होता. वॉर्ड म्हणाले, दोन्ही लीगमधले सर्वोत्तम खेळाडू निवडू आणि समोरासमोर उभे करू. निवडायचे कुणी? वाचकांनी! वर्तमानपत्रांत मतपत्रिका छापून आल्या, लोकांनी त्या भरून पाठवल्या. एकदाच होणारा, शतकातला सामना म्हणून त्याची जाहिरात झाली.

त्यात एवढं नवल काय, असं आज वाटेल. पण तेव्हाची रचना डोळ्यांपुढे आणा. अमेरिकन लीगचे संघ आपापसात खेळायचे, नॅशनल लीगचे आपापसात. दोन्हींची अधिकृत गाठ फक्त अंतिम फेरीत, वर्ल्ड सीरिजमध्ये, आणि तीही एकेका विजेत्याची. म्हणजे एका लीगचा सर्वात घातक पिचर आणि दुसऱ्या लीगचा सर्वात दणकट बॅटर सगळं आयुष्य खेळूनही कधी आमनेसामने येणार नाहीत, हे अगदी शक्य होतं. अमक्याचा चेंडू तमक्याला झेपला असता का, यावर कट्ट्यावर रात्र रात्र वाद घाला, उत्तर मिळायची सोयच नव्हती. वॉर्ड यांनी ती सोय केली.

६ जुलै १९३३ला शिकागोच्या कोमिस्की पार्कवर सत्तेचाळीस हजारांच्या आसपास माणसं जमली. बेब रूथ तेव्हा ३८ वर्षांचा होता, अंगानं सुटलेला, कारकीर्द उतरणीला लागलेली. तिसऱ्या डावात त्यानं चेंडू थेट प्रेक्षकांत टोलावला. ऑल-स्टार गेमच्या इतिहासातला पहिला होम रन रूथचा! अमेरिकन लीग ४-२ अशी जिंकली आणि एकदाच होणारा सामना दरवर्षीचा झाला.

दुसऱ्याच वर्षी कट्ट्यावरच्या वादाला उत्तर मिळालं. न्यूयॉर्कच्या पोलो ग्राउंड्सवर नॅशनल लीगचा पिचर होता कार्ल हबल, डावखुरा. त्याचं अस्त्र होतं स्क्रूबॉल. हा चेंडू नेहमीच्या कर्व्हबॉलच्या उलट दिशेला वळतो. लेगस्पिनरची गुगली आठवा, त्याच जातीची फसवणूक. मनगट उलटं पिळून तो टाकावा लागतो, आणि वर्षानुवर्षं टाकून टाकून हबलचा डावा तळवा हात खाली सोडला तरी बाहेरच्या बाजूला वळलेला असायचा. त्या दिवशी सुरुवातीलाच दोन बॅटर बेसवर पोहोचले. पुढे उभा बेब रूथ. बाद. त्यामागून लू गेहरिग. बाद. जिमी फॉक्स. बाद. पुढच्या डावात अल सिमन्स आणि जो क्रोनिन, तेही बाद. पाचही जण स्ट्राइकआउट, म्हणजे तीन-तीन स्ट्राइक खाऊन परत! त्या काळातले पाच सर्वात भयंकर बॅटर एकामागून एक रिकाम्या हातांनी परतले. गंमत म्हणजे सामना शेवटी अमेरिकन लीगनेच ९-७ असा जिंकला. पण नव्वद वर्षांनंतरही लोक सांगतात ती हबलची गोष्ट.

इथे जरा थांबायला हवं, कारण ‘सर्वोत्तम खेळाडू’ हा शब्द तेव्हा पुरता खरा नव्हता. या लीगची दारं कृष्णवर्णीय खेळाडूंना बंद होती. त्यांच्या स्वतंत्र लीग होत्या, निग्रो लीग नावाच्या. १० सप्टेंबर १९३३ला, म्हणजे त्याच वर्षी, त्याच कोमिस्की पार्कवर त्यांनी आपला ऑल-स्टार सामना भरवला, पूर्व विरुद्ध पश्चिम. मतपत्रिका छापल्या ‘शिकागो डिफेंडर’ आणि ‘पिट्सबर्ग कुरियर’ या त्यांच्या स्वतःच्या वर्तमानपत्रांनी. १९४३ला या सामन्याला ५१ हजारांहून जास्त प्रेक्षक आले. एकच मैदान, एकच खेळ आणि मधे रंगाची भिंत. जॅकी रॉबिन्सननं १९४७ला ती फोडली, आणि १९४९च्या ऑल-स्टार गेममध्ये तो, रॉय कॅम्पानेला, डॉन न्यूकोम आणि लॅरी डोबी पहिल्यांदा खेळले. ‘सर्वोत्तम’ हा शब्द खरा व्हायला सोळा वर्षं लागली होती.

आता निवडीकडे वळू, कारण खरी करामत तिथे आहे. लोकांच्या हाती निवड दिली की काय होतं? प्रेम उतू जातं! १९५७मध्ये सिनसिनाटी शहरानं काय केलं बघा. तिथल्या वर्तमानपत्रानं आपल्या रेड्स संघाच्या नावांपुढे आधीच खुणा केलेल्या मतपत्रिका छापल्या. वाचकांनी फक्त कापायच्या आणि पाठवायच्या. निकाल लागला तर नॅशनल लीगच्या आठ जागांपैकी सात रेड्सच्या! सेंट लुइसचा स्टॅन म्यूझियल तेवढा कसाबसा तरला. निम्म्याहून जास्त मतं एकट्या सिनसिनाटीची निघाली. अखेर लीगचे प्रमुख, कमिशनर फोर्ड फ्रिक यांनी दोन रेड्स खेळाडूंना उतरवून त्यांच्या जागी विली मेज आणि हँक आरन यांना घातलं. बेसबॉल जाणणारा माणूस ही दोन नावं ऐकून आजही चमकतो. यांना वगळून संघ होणार होता! शिक्षा म्हणून चाहत्यांचा मताधिकारच काढून घेतला गेला, तो परत मिळाला १९७०ला.

परत मिळाल्यावर लोक शहाणे झाले? २०१५ला मतदान सगळं ऑनलाइन झालं, आणि एका टप्प्यावर अमेरिकन लीगच्या नऊपैकी आठ जागांवर कॅन्सस सिटी रॉयल्स आघाडीवर होते. लीगनं साडेसहा कोटींच्या घरातली मतं रद्द केली. मला मात्र या दोन्ही शहरांचा राग येत नाही. गावच्या पोरांसाठी पोस्टाच्या पेट्या भरून टाकणारं प्रेम हेच तर या खेळाचं भांडवल आहे. प्रश्न एवढाच, की ते वाहू द्यायचं आणि तरी पूर येऊ द्यायचा नाही. कसं?

आजचं उत्तर असं. पहिल्या फेरीत चाहते ऑनलाइन मतं देतात, दिवसाला पाचपर्यंत. प्रत्येक लीगमध्ये ज्याला सर्वात जास्त मतं, तो थेट पहिल्या फळीत. बाकी जागांवर आघाडीचे उमेदवार दुसऱ्या फेरीत जातात आणि तिथे मतांची पाटी कोरी करून पुन्हा मतदान होतं. पिचर मात्र चाहते निवडत नाहीत. ते आणि राखीव खेळाडू ठरवतात स्वतः खेळाडू आणि कमिशनरचं कार्यालय. प्रत्येक बाजूचे ३२ जण. मॅनेजर कोण? गेल्या वर्षी आपापल्या लीगचं विजेतेपद मिळवलेले.

आणि एक नियम मला सगळ्यांत आवडतो: ३० संघांपैकी प्रत्येकाचा किमान एक खेळाडू हवाच. तळाशी गटांगळ्या खाणारा, रोज हरणारा संघ असू दे, त्याचाही एक. जिल्ह्याच्या संघात प्रत्येक तालुक्याचा एक तरी पोरगा घ्यायचाच, असं ठरवण्यासारखं हे आहे. गुणवत्तेवर अन्याय होतो, अशी तक्रार दरवर्षी होते. पण तळाच्या संघाची टोपी घालून टीव्हीपुढे बसलेल्या आठ वर्षांच्या मुलीचा विचार करा. खेळाडूंची नावं पुकारली जातात आणि तिच्या शहराचं नाव येतं. नियम बरोबर आहे.

आता प्रत्यक्ष सामना. इथे दोन गोष्टी एकमेकींच्या पायात येतात. पहिली, पिचरचा हात. सुरुवातीचा पिचर एका सामन्यात शंभरच्या आसपास चेंडू टाकतो आणि मग चार-पाच दिवस विश्रांती घेतो. ताशी दीडशे किलोमीटरच्या वर चेंडू फेकणारा खांदा म्हणजे ताणलेली तार. ती या सामन्यात तुटली तर संघाचा सगळा हंगाम बुडाला! म्हणून इथे पिचर एखादा डाव टाकतो आणि थांबतो. दुसरी गोष्ट, बेसबॉलचा जुना नियम: एकदा बाहेर गेलेला खेळाडू त्या सामन्यात परत येऊ शकत नाही. सगळ्यांना खेळवायचं, कुणाला दमवायचं नाही आणि गेलेला परत नाही. मग सामना लांबला तर?

लांबला. ९ जुलै २००२, मिल्वॉकी. कमिशनर बड सेलिग यांचं स्वतःचं गाव, वर्षभरापूर्वी उघडलेलं नवंकोरं मैदान. रात्रीची सुरुवात तर स्वप्नासारखी झाली: पहिल्याच डावात टोरी हंटरनं कुंपणावर झेपावून बॅरी बाँड्सचा होम रन हवेतच पकडला आणि बाँड्सनं त्याला मैदानातच खांद्यावर उचललं. पण नऊ डावांनंतर बरोबरी. दहाव्यातही बरोबरी. अकराव्यात ७-७, आणि दोन्ही मॅनेजरांकडे एकही पिचर शिल्लक नाही! सेलिग यांनी सामना बरोबरीत सोडवला. प्रेक्षक खवळले. चारच दिवसांपूर्वी थोर बॅटर टेड विल्यम्स वारले होते आणि सर्वोत्तम खेळाडूच्या पुरस्काराला त्यांचं नाव नुकतंच दिलं होतं. त्या पहिल्याच वर्षी तो पुरस्कार कुणालाच मिळाला नाही.

विल्यम्सना तीनच वर्षं आधी, १९९९ला बोस्टनच्या फेनवे पार्कवर ज्यांनी पाहिलं होतं, त्यांना हे फार लागलं असणार. ८० वर्षांचे, नजर अधू झालेले विल्यम्स छोट्या गाडीतून मैदानात आले आणि खेळाडूंनी त्यांच्याभोवती कोंडाळं केलं. डगआउटमध्ये परत जा, अशी घोषणा झाली, तरी कुणी हलेना. विल्यम्सनी मार्क मॅग्वायरला विचारलं, की चेंडू बॅटला निसटता घासून गेला की जळक्या लाकडाचा वास येतो का तुला? केवढा प्रश्न! तो समजायला माणूस त्याच धंद्यातला हवा, आणि समोर सगळे त्याच धंद्यातले उभे होते.

मिल्वॉकीनंतर लीगनं ठरवलं, सामन्याला काहीतरी पणाला लावू. २००३पासून ऑल-स्टार गेम जिंकणाऱ्या लीगच्या संघाला वर्ल्ड सीरिजमध्ये घरच्या मैदानाचा फायदा. म्हणजे सातपैकी चार सामने घरी, निर्णायक सातवा धरून. हा उपाय मला कधीच पटला नाही. जुलैतल्या एका मैत्रीच्या रात्री कुणीतरी मारलेल्या फटक्यावर ऑक्टोबरमधल्या दुसऱ्याच संघाचं नशीब ठरायचं! २०१६ला याच नियमानं सातवा सामना क्लीव्हलंडला झाला आणि शिकागो कब्जनं तो परक्या मैदानावर जिंकून १०८ वर्षांचा दुष्काळ संपवला. त्यानंतर नियम मोडीत निघाला.

आता बरोबरी झाली तर काय होतं, ते ऐका. २००७चा टी-ट्वेंटी विश्वचषक आठवतो? डर्बनला भारत-पाकिस्तान सामना बरोबरीत सुटला आणि बॉल-आउट झाला. सेहवाग, हरभजन, उथप्पा यांनी मोकळ्या स्टंपवर चेंडू टाकले, तीनही लागले, पाकिस्तानचा एकही नाही. त्याची बेसबॉलमधली उलटी आवृत्ती म्हणजे स्विंग-ऑफ. दोन्ही बाजूंचे तीन-तीन बॅटर, प्रत्येकाला तीन-तीन फटके. चेंडू टाकणार आपलाच प्रशिक्षक, सरावाला टाकतो तसा सोपा. होम रन किती, तेवढंच मोजायचं. यात एकाही मौल्यवान खांद्याला ताण नाही. मिल्वॉकीचं कोडं सुटलं!

नियम कागदावर पडून होता. १५ जुलै २०२५ला अटलांटात तो पहिल्यांदा वापरला गेला. सहा धावांनी मागे पडलेल्या अमेरिकन लीगनं नवव्या डावात ६-६ अशी बरोबरी साधली. बदली होऊन गेलेले कितीतरी तारे तोवर मैदान सोडून निघूनही गेले होते. स्विंग-ऑफमध्ये अमेरिकन लीगच्या ब्रेंट रूकरनं दोन होम रन मारले, नॅशनल लीगच्या काइल स्टोअर्सनं एक, पुन्हा अमेरिकन लीगच्या रँडी अरोझरेनानं आणखी एक. अमेरिकन लीग ३-१ पुढे.

मग नॅशनल लीगचा काइल श्वार्बर आला. फिलाडेल्फियाचा दाढीवाला, धिप्पाड डावखुरा. पहिला फटका, चेंडू कुंपणापार. दुसरा, पार. तिसऱ्याला तो एका गुडघ्यावर गेला आणि चेंडू तसाच उडत प्रेक्षकांत. तीन फटके, तीन होम रन! डगआउटमधले एरवीच्या विरोधी संघांतले खेळाडू शाळकरी पोरांसारखे उड्या मारत होते. अमेरिकन लीगच्या शेवटच्या बॅटरला एकही जमला नाही. ४-३.

सामन्याचा अधिकृत निकाल ७-६ लागला. स्विंग-ऑफमधले फटके कुणाच्या वैयक्तिक आकडेवारीत धरत नाहीत, त्यामुळे त्या रात्रीच्या धावफलकात श्वार्बरच्या नावापुढे एकही हिट नाही. टेड विल्यम्स यांच्या नावाचा सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कार त्यालाच मिळाला.

अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर मंगळवारी रात्रीचे आठ वाजतात, तेव्हा आपल्याकडे बुधवारी पहाटेचे साडेपाच झालेले असतात. जुलैतल्या त्या बुधवारी जरा लवकर उठा आणि चहाचा कप घेऊन बसा.